विलिस कॅरियर

थंडीपासून स्वतःचा बचाव करण्याची विद्या मनुष्याला फार प्राचीन काळापासून अवगत आहे. चार काटक्या पेटवल्या, की अंधारी गुहादेखील उबदार होते. उष्म्याचे मात्र तसे नाही. घरात शिरलेली उष्णता बाहेर कशी घालवावी, हा प्रश्न हजारो वर्षे मनुष्याला छळत राहिला. राजेरजवाड्यांनी वाळ्याचे पडदे टांगले, त्यांवर पाणी शिंपडवले, नोकरांकरवी अष्टौप्रहर पंखे ओढवले. परंतु हे उपाय सर्वत्र सारखे लागू पडत नाहीत. नागपूरच्या कोरड्या उन्हाळ्यात वाळ्याची भिजलेली ताटी खोलीत सुखद गारवा आणते. तीच ताटी मुंबईच्या दमट हवेत जवळजवळ निरुपयोगी ठरते. असे का व्हावे? याचे उत्तर हवेतील अदृश्य बाष्पात दडलेले आहे. हवेतील उष्णता आणि हवेतील बाष्प यांचा नेमका हिशेब मांडून, त्या हिशेबाच्या बळावर हवेला हुकमात ठेवणारी यंत्रे ज्यांनी उभारली, ते अमेरिकन अभियंते म्हणजे विलिस हॅविलँड कॅरियर होत.

त्यांच्यापूर्वी या दिशेने कोणी पाऊल टाकलेच नव्हते, असे म्हणता येणार नाही. फ्लॉरिडा प्रांतातील डॉक्टर जॉन गोरी यांनी तापाने फणफणलेल्या रोग्यांना गार हवा मिळावी म्हणून बर्फ तयार करणारे यंत्र शोधून काढले होते व १८५१ मध्ये त्याचे एकस्वही मिळवले होते. पण त्यांना भांडवल मिळाले नाही, लोकांनी त्यांची टवाळी केली, आणि १८५५ मध्ये ते विपन्नावस्थेत निवर्तले. कल्पना सुचणे आणि ती व्यवहारात उतरणे यांत किती अंतर असते, हे गोरी यांच्या उदाहरणावरून ध्यानात येते.

विलिस कॅरियर यांचा जन्म २६ नोव्हेंबर १८७६ रोजी न्यूयॉर्क राज्यातील अँगोला नावाच्या गावाजवळ एका शेतकरी कुटुंबात झाला. ते आईवडिलांचे एकुलते एक अपत्य होते. वडील शेती करीत. आई एलिझाबेथ ही मोठी कुशल स्त्री होती. घरातील बंद पडलेले घड्याळ ती स्वतः उघडून दुरुस्त करी. शिवणयंत्र अडले, तर त्याचाही दोष तीच शोधून काढी. लहानग्या विलिसला आरंभी अपूर्णांक समजेनात. पाव म्हणजे काय, अष्टमांश म्हणजे काय, दोन भिन्न अपूर्णांकांची बेरीज कशी करावी, याचा त्याला उलगडा होईना. तेव्हा आईने त्याला तळघरातून सफरचंदांची एक परडी भरून आणायला सांगितली. एका सफरचंदाचे तिने दोन भाग केले, दुसऱ्याचे चार, तिसऱ्याचे आठ, आणि ते तुकडे त्याच्यापुढे मांडून जुळवून दाखवले. पाटीवरच्या आकड्यांना काही अर्थ असतो, हे त्या मुलाला त्या दिवशी प्रथम कळले. कोणताही अवघड प्रश्न पुढे आला, की त्याचे लहान लहान भाग पाडायचे आणि एकेक भाग सोडवायचा, ही रीत त्याच्या अंगी बाणली ती तेव्हापासून. ही माउली त्याला फार काळ लाभली नाही. विलिस ११ वर्षांचा असतानाच ती मृत्यू पावली.

पुढे त्याचे माध्यमिक शिक्षण पुरे झाले. परंतु त्याच सुमारास, १८९३ साली, अमेरिकेत मोठी आर्थिक मंदी आली होती. शेतमालाला भाव नव्हता, घरात पैसा नव्हता. अभियंता होण्याची मनीषा बाळगणाऱ्या या तरुणाला काही काळ गावच्या शाळेत शिक्षकाची नोकरी करावी लागली. पण त्याने आपला संकल्प सोडला नाही. बफेलो शहरी जाऊन त्याने अधिक अभ्यास केला आणि शिष्यवृत्ती मिळवून १८९७ मध्ये तो कॉर्नेल विश्वविद्यालयात दाखल झाला. शिष्यवृत्तीच्या रकमेत जेवणखाण भागत नसे. म्हणून तो लोकांच्या अंगणातील हिरवळ कापून देई, हिवाळ्यात घरोघरच्या भट्ट्यांत कोळसा घाली, भोजनगृहात वाढपी म्हणून राबे. एका सोबत्यासह त्याने विद्यार्थ्यांचे कपडे धुऊन देणारी सहकारी संस्थाही काढली. अशा रीतीने स्वतःच्या कष्टावर शिक्षण पुरे करून १९०१ मध्ये त्याने यंत्र अभियांत्रिकीची पदवी संपादन केली.

त्याच वर्षी बफेलो फोर्ज नावाच्या कंपनीत कॅरियर यांना आठवड्याला १० डॉलर वेतनावर नोकरी मिळाली. ही कंपनी लाकूड व कॉफी वाळवण्यासाठी लागणारे मोठाले पंखे आणि तापकनळ्या तयार करीत असे. किती हवा तापवण्यास किती नळ्या लागतील, याचा त्या काळी कोणी नीट हिशेब करीत नसे. अंदाजाने आकडा धरायचा आणि धोका नको म्हणून त्यात आणखी भर घालायची, अशी पद्धत होती. या अंदाजपंचे कारभाराचा कॅरियर यांना मनस्वी तिटकारा आला. त्यांनी नळ्यांवर प्रयोग सुरू केले, मोजमापे घेतली व तक्ते तयार केले. त्या तक्त्यांमुळे एका हंगामातच कंपनीचे सुमारे ४० हजार डॉलर वाचले. आठवड्याला १० डॉलर मिळवणाऱ्या नोकराने एवढी बचत करून दाखवावी, ही गोष्ट मालकांच्या नजरेतून सुटली नाही. त्यांनी कॅरियर यांना प्रयोगशाळा उघडून दिली.

या प्रयोगशाळेकडे १९०२ च्या उन्हाळ्यात एक चमत्कारिक गाऱ्हाणे आले. न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागात सॅकेट-विल्हेल्म्स नावाचा एक मोठा छापखाना होता. तेथे रंगीत चित्रे छापली जात. रंगीत चित्र छापताना तोच कागद पुनःपुन्हा यंत्राखालून काढावा लागतो. एकदा पिवळा रंग, मग तांबडा, मग निळा, असे एकावर एक ठसे उमटवावे लागतात. कागदाचा गुण असा, की हवेत ओलावा वाढला म्हणजे तो किंचित फुगतो आणि हवा कोरडी झाली म्हणजे आकसतो. सोमवारी पिवळा ठसा उमटवलेला कागद बुधवारी तांबड्या ठशाखाली जाई, तोवर त्याची लांबीरुंदी केसभर बदललेली असे. मग ओठांचा तांबडा रंग हनुवटीवर उतरे आणि आकाशाची निळाई घराच्या छपरावर सांडे! ढिगांनी कागद वाया जाई, शाई फुकट जाई, ठरल्या वेळी काम हाती पडत नसे. न्यूयॉर्कचा उन्हाळा अतिशय दमट असल्यामुळे त्या दिवसांत तर छापखाना चालवणे अशक्यप्राय होई.

येथे एक गोष्ट विसरता कामा नये. छापखान्यात काम करणारे कामगार घामाने निथळत होते, म्हणून काही कोणी कॅरियर यांना बोलावले नव्हते. बोलावणे आले होते ते कागदासाठी. पुढे कोट्यवधी माणसांना गारवा देणारी विद्या जन्माला आली, ती माणसाच्या सुखासाठी नव्हे, तर कागदाचा एक ताव सपाट राहावा यासाठी, हा इतिहासातील एक गमतीचा भाग आहे.

हवेतील ओलावा काढून कसा घ्यावा? कॅरियर यांनी प्रथम क्षाराचा उपयोग करून पाहिला. पाणी शोषून घेणाऱ्या क्षाराच्या द्रावणात कापड भिजवून त्यावरून त्यांनी हवा सोडली. हवा कोरडी झाली खरी. पण तिच्याबरोबर क्षाराचे कण येऊ लागले. असली हवा छापखान्यात सोडली असती, तर लोखंडी यंत्रे गंजून गेली असती. तो मार्ग त्यांनी सोडून दिला. मग त्यांनी निसर्गाकडे पाहिले. थंड पाण्याने भरलेला पेला मेजावर ठेवला, तर थोड्याच वेळात त्याच्या बाहेरच्या अंगावर पाण्याचे थेंब जमतात. हे पाणी पेल्यातून झिरपलेले नसते; ते भोवतालच्या हवेतील असते. उबदार हवा पुष्कळ बाष्प सामावून घेऊ शकते, थंड हवा थोडेच सामावून घेते. म्हणून हवा थंड झाली, की तिला न पेलणारे बाष्प पाणी होऊन गळून पडते. तेव्हा ज्या नळ्यांतून आजवर वाफ सोडून हवा तापवली जात असे, त्याच नळ्यांतून थंड पाणी खेळवावे आणि त्यांवरून पंख्याने हवा फिरवावी, असे कॅरियर यांनी ठरवले. पाणी किती थंड हवे, नळ्या किती हव्यात, हवेचा वेग किती असावा, याचे गणित त्यांनी हवामान खात्याच्या तक्त्यांवरून केले. या योजनेच्या आराखड्यांवर १७ जुलै १९०२ ही तारीख आहे. आधुनिक वातानुकूलनाचा जन्मदिवस म्हणून ती तारीख आज ओळखली जाते.

पहिल्या उन्हाळ्यात खोल विहिरीचे थंड पाणी वापरण्यात आले. पुढील वर्षी त्याच्या जोडीला अमोनियावर चालणारे शीतयंत्र बसवण्यात आले. छापखान्यातील हवेची सापेक्ष आर्द्रता वर्षभर ५५ टक्के राखायची, असा या योजनेचा संकेत होता. या सामग्रीची शक्ती किती होती? दिवसाला १ लाख ८ हजार पौंड बर्फ वितळल्याने जेवढा थंडावा मिळेल, तेवढी. त्या काळी लोकांना थंडावा मिळे तो बर्फापासून. म्हणून थंडाव्याचे मापही बर्फावरूनच ठरले. अमेरिकेत २ हजार पौंडांचा एक टन मानतात. एवढा बर्फ २४ तासांत वितळताना जितकी उष्णता शोषून घेतो, तितकी उष्णता जे यंत्र ओढून घेते, ते एका टनाचे यंत्र. आजही दुकानात दीड टनाचे यंत्र मागतात, तेव्हा ते त्या यंत्राचे वजन नसते. ती बर्फाच्या दिवसांची आठवण असते. ब्रुकलिनची ती सामग्री ५४ टनांची होती. म्हणजे आजच्या घरांतील दीड टनी ३६ यंत्रांएवढी. आणि अशा यंत्राच्या मागील नळीतून पावसाळ्यात जे पाणी सतत ठिबकत असते, ते म्हणजे हवेतून पिळून काढलेले बाष्पच होय.

पण कॅरियर यांचे समाधान झाले नाही. लोखंडी नळ्या ओल्या राहून गंजत, आणि हवेत नेमका हवा तेवढाच ओलावा ठेवणे अजून कठीण जाई. त्याच वर्षी हिवाळ्याच्या तोंडावर एका संध्याकाळी ते पिट्सबर्गच्या रेल्वे स्थानकावर गाडीची वाट पाहत फेऱ्या घालीत होते. सर्वत्र दाट धुके पसरले होते. समोरचे रूळही दिसत नव्हते. इतर प्रवासी गाडीला उशीर होणार म्हणून कुरकुरत असतील. कॅरियर मात्र त्या धुक्याचाच विचार करू लागले. धुके म्हणजे बाष्पाने पूर्ण भरलेली हवा. तिच्यात आता आणखी बाष्प मावणे शक्य नाही. पण ही हवा थंडगार असल्यामुळे, पूर्ण भरलेली असूनही, तिच्यातील पाण्याचे प्रमाण मुळात थोडेच आहे. मग मनुष्याने स्वतःच असे धुके तयार केले तर? पाण्याचे बारीक तुषार उडवावेत, त्यांतून हवा न्यावी, आणि तुषारांचे तपमान आपल्या हाती ठेवावे. तपमान जितके कमी, तितके हवेत पाणी कमी. पाण्याने हवा ओली होते, हे तर लहान मुलालाही ठाऊक आहे. पण थंड पाण्याच्या तुषारांनी हवा कोरडी करता येते, ही कल्पना इतकी विपरीत होती, की ती सांगितल्यावर पुष्कळ जाणकारांनीही हसून माना हलवल्या. गाडी येईपर्यंत कॅरियर यांच्या मनात सारी योजना सिद्ध झाली होती. या यंत्राचे एकस्व त्यांना २ जानेवारी १९०६ रोजी मिळाले.

नव्या यंत्राचे पहिले चाहते ठरले ते कापडगिरण्यांचे मालक. त्यांना हवा कोरडी नको होती. उलट दमट हवी होती. कोरड्या हवेत कापसाचा धागा ताठर होऊन पटापट तुटतो. मुंबईत सुताच्या गिरण्या भरभराटीस येण्याचे एक कारण तिची सागरी, दमट हवा हे होते. अमेरिकेच्या दक्षिणेकडील गिरण्यांना असली हवा आयती लाभली नव्हती. ती निर्माण करावी लागे. अशाच गिरण्यांचे अभियंते स्टुअर्ट क्रॅमर यांनी १९०६ मध्ये या विद्येला एअर कंडिशनिंग हे नाव दिले. यंत्र कॅरियर यांचे आणि नाव क्रॅमर यांचे, असा हा योग जुळून आला. पुढील वर्षीच जपानमधील योकोहामा येथील रेशमाच्या गिरणीत कॅरियर यांची सामग्री जाऊन पोहोचली.

सर्वच उद्योगांत कॅरियर यांना यश येत गेले, असे समजू नये. मिसूरी राज्यातील क्रिस्टल सिटी या गावी काचेचा एक अवाढव्य कारखाना होता. तेथे वायू शुद्ध करणारी सामग्री बसवण्याचे काम त्यांच्याकडे आले. यंत्र चालू झाले. परंतु कंपनीने जेवढी हमी दिली होती, तेवढे काम ते देईना. कॅरियर हतबुद्ध झाले. पोटात गोळा उठे, रात्री डोळ्याला डोळा लागत नसे. असे काही दिवस गेल्यावर त्यांनी स्वतःलाच प्रश्न केला, की यातून फार वाईट म्हणजे काय होईल? यंत्र काढून घ्यावे लागेल आणि २० हजार डॉलर बुडतील. कदाचित नोकरीही जाईल. पण नोकरी दुसरी मिळेल. एवढे मनाशी मान्य केल्यावर त्यांचे चित्त स्थिर झाले आणि ते शांतपणे आकडे मांडू लागले. आणखी ५ हजार डॉलर खर्चून काही जादा सामग्री जोडली, तर दोष दूर होईल, असे त्यांना आढळले. तसे करताच २० हजार बुडण्याऐवजी कंपनीला १५ हजारांचा लाभ झाला. सफरचंदाचे तुकडे करण्याची विद्या येथेही उपयोगी पडली, असे म्हणावयास हरकत नाही.

हवेचे तपमान, तिच्यातील बाष्प आणि ते बाष्प ज्या तपमानाला दंव होऊन पडते तो बिंदू, या तिन्हींचा परस्परसंबंध दाखवणारी सूत्रे कॅरियर यांनी अनेक वर्षांच्या प्रयोगांनंतर सिद्ध केली, आणि १९११ च्या डिसेंबरात अमेरिकेतील यंत्र अभियंत्यांच्या संस्थेपुढे ती मांडली. त्या दिवसापासून हवेचे नियंत्रण हा अंदाजाचा विषय न राहता शास्त्राचा विषय झाला. कॅरियर यांच्या सर्व यंत्रांपेक्षा हा प्रबंध अधिक मोलाचा होय. त्यांची ती यंत्रे केव्हाच मोडीत निघाली; सूत्रे मात्र टिकून आहेत.

१९१४ मध्ये युरोपात महायुद्ध पेटले. पुढे काय होणार या चिंतेने बफेलो फोर्ज कंपनीने हा नवा व्यवसाय आवरता घेण्याचे ठरवले. कॅरियर यांच्या नोकरीला धोका नव्हता. परंतु ज्या कामाला आपण वाहून घेतले ते अर्धवट टाकणे त्यांना रुचले नाही. आपल्या ६ सहकाऱ्यांसह त्यांनी आयुष्यभराची शिल्लक एकत्र केली. ती ३२ हजार ६०० डॉलर भरली. मोठा कारखाना उभारण्यास ही रक्कम अगदीच तुटपुंजी होती, आणि ती बुडाली असती, तर सातही कुटुंबे उघड्यावर पडली असती. असे असूनही २६ जून १९१५ रोजी त्यांनी कॅरियर इंजिनिअरिंग कॉर्पोरेशन या नावाने स्वतंत्र कंपनी काढली.

आतापर्यंत शीतयंत्रे होती ती कारखान्यांतून. ती आकाराने अजस्र असत, त्यांचा खडखडाट कानठळ्या बसवी, आणि त्यांत अमोनिया हा विषारी वायू असे. तो गळला, तर माणसे गुदमरून जात. जेथे शेकडो लोक दाटीवाटीने बसतात, अशा नाट्यगृहात असले यंत्र कोण बसवणार? कॅरियर यांनी जुन्या यंत्रातील पुढेमागे सरकणारा दट्ट्याच काढून टाकला आणि त्याऐवजी वेगाने गरगर फिरणारे चक्र योजले. अमोनियाच्या जागी त्यांनी डायलीन नावाचे कमी घातक द्रव्य घेतले. हे नवे यंत्र १९२२ च्या मे महिन्यात न्यूअर्क येथे लोकांपुढे मांडण्यात आले. १९२४ मध्ये डेट्रॉइट येथील हडसन या भव्य दुकानाने आपल्या तळघरासाठी अशी ३ यंत्रे घेतली. तेथे स्वस्त मालाच्या विक्रीच्या दिवशी एवढी झुंबड उडे, की उकाड्याने गिऱ्हाइके मूर्च्छित पडत. यंत्रे बसल्यावर मूर्च्छा थांबल्या आणि विक्री वाढली.

पुढची पायरी होती न्यूयॉर्कचे रिव्होली चित्रपटगृह. उन्हाळ्यात चित्रपटगृहे ओस पडत. तिकिटांचे उत्पन्न बुडे. हा तोटा भरून निघेल, असे कॅरियर यांनी मालकांना पटवले. पण डायलीनला नगरपालिकेच्या नियमावलीत मान्यता नव्हती, आणि सुरक्षा अधिकारी संमती देईनात. अर्जविनंत्यांनी काम होईना, तेव्हा कॅरियर थोडे डायलीन घेऊन त्या अधिकाऱ्याच्या दालनात गेले, ते एका भांड्यात ओतले आणि पेटती काडी त्यात टाकली! आता स्फोट होणार, या भयाने अधिकारी खवळून उठला. पण स्फोट झाला नाही. ते द्रव्य केवळ मंदपणे जळत राहिले. अखेर संमती मिळाली.

१९२५ च्या मे महिन्याच्या अखेरीस, एका उष्ण दिवशी, रिव्होलीचे दरवाजे उघडले. बाहेर लांबच लांब रांग लागली होती. पॅरामाउंट या चित्रसंस्थेचे प्रमुख अ‍ॅडॉल्फ झुकर मुद्दाम पाहण्यास आले होते व वरच्या सज्जात बसले होते. दुर्दैवाने यंत्र सुरू होण्यास थोडा विलंब झाला. प्रेक्षागृह खच्चून भरले. सवयीप्रमाणे स्त्रियांनी बरोबर आणलेले पंखे बाहेर काढले, आणि अंधारात सर्वत्र पंख्यांची फडफड सुरू झाली. कॅरियर व त्यांचे सहकारी मागे उभे राहून श्वास रोधून पाहत होते. भरलेल्या सभागृहातील हवा थंड होण्यास वेळ लागतोच. हळूहळू एक पंखा थांबला, मग दुसरा, मग दहा-वीस. आणि काही वेळाने साऱ्या प्रेक्षागृहातील पंखे मांडीवर विसावले. झुकर यांनी पसंती दिली. पुढील ५ वर्षांत अमेरिकेतील सुमारे ३०० चित्रपटगृहांत कॅरियर यांची यंत्रे बसली. १९२८ मध्ये अमेरिकेच्या कायदेमंडळाच्या कनिष्ठ सभागृहात आणि १९२९ मध्ये वरिष्ठ सभागृहात ही व्यवस्था झाली. ज्या गारव्यासाठी पूर्वी सम्राट झुरत, तो आता काही पैशांचे तिकीट काढणाऱ्या कामगाराला दोन घटका मिळू लागला.

घराघरात मात्र तो पोहोचला नाही. त्याचे कारण किंमत. १९१४ च्या सुमारास मिनियापोलिस येथील एका धनिकाच्या वाड्यात बसवलेली सामग्री ७ फूट उंच, ६ फूट रुंद आणि २० फूट लांब होती. म्हणजे यंत्राला राहण्यासाठीच एक खोली हवी! १९३०-४० च्या दशकात खिडकीत बसणारी यंत्रे निघाली; परंतु त्यांतील आरंभीच्या यंत्रांच्या किमती १० हजार ते ५० हजार डॉलर असत. तेवढ्यात घरे विकत मिळत. कॅरियर यांनीही घरगुती यंत्रे काढून पाहिली, तोच १९२९ ची महामंदी आली. लोकांना भाकरीची भ्रांत पडली असता गारवा कोण विकत घेणार? कंपनी कशीबशी तगली. १९३७ मध्ये तिने आपले विखुरलेले कारखाने सिरॅक्यूज शहरात एकत्र आणले.

दुसऱ्या महायुद्धात विमानांची परीक्षा घेण्यासाठी अमेरिकन शासनाला एक वायुविवर हवे होते. आकाशात फार उंचावर शून्याखाली ५५ अंश सेल्सियस इतकी थंडी असते. तेवढ्या थंड हवेचा प्रचंड झोत जमिनीवरच निर्माण करायचा होता. क्लीव्हलँड येथे ते काम कॅरियर यांच्या यंत्रांनी पार पाडले. त्यांची प्रकृती तेव्हा खालावत चालली होती. ८० हून अधिक एकस्वे त्यांच्या नावावर होती. पण कामाच्या नादात प्रवासाला निघताना पेटीत कपडे भरण्याचे ते विसरून जात, अशी आख्यायिका त्यांचे सहकारी कौतुकाने सांगत. ७ ऑक्टोबर १९५० रोजी, वयाच्या ७४ व्या वर्षात, न्यूयॉर्क येथे त्यांचे निधन झाले.

घरोघरी यंत्रे गेली ती त्यांच्या पश्चात. १९६० च्या जनगणनेत अमेरिकेतील सुमारे १२ टक्के घरांत ही सोय होती. आज तेथील १० पैकी जवळजवळ ९ घरांत ती आहे. आंतरराष्ट्रीय ऊर्जा संस्थेने २०१८ मध्ये जगातील अशा यंत्रांची संख्या सुमारे १६० कोटी सांगितली, आणि २०५० पर्यंत ती ५६० कोटींवर जाईल, असा अंदाज वर्तवला. भारतात मात्र २०१९ च्या सुमारास १०० पैकी केवळ ८ कुटुंबांकडे असे यंत्र होते. म्हणजे जेथे उन्हाळा सर्वांत कडक, तेथे गारवा सर्वांत दुर्मिळ.

किमतीचा प्रश्न असा हळूहळू सुटत असता दुसरा प्रश्न उभा राहिला, तो विजेचा. दीड टनाचे साधारण यंत्र चालू असताना दीड हजार वॅटच्या आसपास वीज घेते. तेवढ्यात छताचे २० पंखे फिरतात. पंखे आणि वातानुकूलन यंत्रे मिळून जगातील सुमारे दशांश वीज खातात. शिवाय ही यंत्रे उष्णता नाहीशी करीत नाहीत. खोलीतील उष्णता उचलून रस्त्यावर टाकतात, आणि तिच्यात स्वतःच्या उष्णतेची भर घालतात. ज्याच्या घरी यंत्र आहे तो आत गार होतो, आणि ज्याच्या घरी नाही त्याच्या दारातली हवा अधिक तापते. या यंत्रांत पुढे वापरलेल्या काही वायूंनी पृथ्वीभोवतालच्या ओझोन थराची हानी केली, म्हणून १९८७ च्या माँट्रिऑल करारान्वये ते हद्दपार करावे लागले. त्यांच्या जागी आलेल्या वायूंनी पृथ्वीचे तपमान वाढते असे दिसून आल्यामुळे २०१६ मध्ये किगाली येथे त्यांच्यावरही मर्यादा घालण्याचे ठरले. भारत शासनाने १ जानेवारी २०२० पासून नवीन घरगुती यंत्रे सुरू होताना आपोआप २४ अंशांवर राहतील, असा नियम केला आहे. तपमान एका अंशाने वर ठेवले, तर सुमारे ६ टक्के वीज वाचते.

कमी वीज खाणारी यंत्रे तयार करण्याचे प्रयत्न आज अनेक देशांत चालू आहेत. मुंबईसारख्या दमट शहरात यंत्राची पुष्कळशी शक्ती हवा थंड करण्यात नव्हे, तर तिच्यातील बाष्प पिळून काढण्यात खर्च होते. तो खर्च नेमका किती, हे ठरवण्यासाठी अभियंते हवेच्या गुणधर्मांचा जो आलेख पुढे घेऊन बसतात, त्याची घडण कॅरियर यांनी १९११ मध्ये मांडलेल्या सूत्रांतून झालेली आहे.